गोळीही खरी, डोसही बरोबर

कार्बामाझेपिन ही काही जहाल किंवा नवलाईची गोळी नाही. १९५३ साली स्वित्झर्लंडमधल्या गायगी कंपनीच्या वॉल्टर शिंडलर या रसायनतज्ज्ञाने ती तयार केली. फिट येणाऱ्या असंख्य लोकांचं आयुष्य तिने सुरळीत ठेवलं आहे. गालात, जबड्यात वीज चमकल्यासारखी कळ येणाऱ्या अनेक म्हाताऱ्या माणसांना घास चावता येतो, तोही या गोळीमुळेच. ती स्वस्त आहे, तालुक्याच्या मेडिकलमध्येही मिळते, आणि ‘टेग्रेटॉल’ हे तिचं बाजारातलं नाव फिटचा पेशंट असलेल्या कित्येक घरांत सगळ्यांना पाठ असतं.

समजा, पस्तिशीतल्या एका बाईंना ही गोळी सुरू झाली. दोन आठवडे काहीच होत नाही. तिसऱ्या आठवड्यात एके दिवशी अंग मोडून ताप येतो, घसा दुखतो, डोळे चुरचुरतात. घरचे म्हणतात, व्हायरल असेल. कोपऱ्यावरचे डॉक्टर पॅरासिटामॉल आणि एखादं अँटिबायोटिक देतात. दुसऱ्या दिवशी तोंड येतं, ओठ सुजतात, पाणी गिळतानाही आग होते. औषधं उष्ण पडली असतील म्हणून सासूबाई ताक पुढे करतात. तोवर छातीवर आणि पाठीवर लालसर-जांभळट डाग उमटलेले असतात. ते फारसे खाजत नाहीत, दुखतात. अंगाखालची चादरसुद्धा टोचते. डागांच्या मधला भाग काळपट पडतो, डाग एकमेकांत मिसळतात, त्यांवर लिबलिबीत फोड येतात. मग डॉक्टर तपासताना चांगल्या दिसणाऱ्या त्वचेवर अंगठा दाबून हलकेच सरकवतात, आणि उकडलेल्या टोमॅटोची साल निघावी तशी वरची कातडी अंगठ्याबरोबर सरकते. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी ही खूण नोंदवणारे त्वचातज्ज्ञ पियोत्र निकोल्स्की यांचं नाव तिला दिलेलं आहे.

या सगळ्या काळात सकाळ-संध्याकाळ कार्बामाझेपिन चालूच असते. ती बंद करावी असं कोणाच्या डोक्यात येत नाही, कारण ती ‘नेहमीची’ गोळी आहे. संशय घेतला जातो तो कालच्या अँटिबायोटिकवर.

हा आजार कातडीच्या किती भागावर पसरला त्यावर त्याचं नाव ठरतं. पेशंटचा स्वतःचा तळहात, बोटांसकट, म्हणजे अंगाचा साधारण १ टक्का असं डॉक्टर मोजतात. दहा तळहातांपेक्षा कमी कातडी सुटली असेल तर स्टीव्हन्स-जॉन्सन सिंड्रोम. तिसांपेक्षा जास्त असेल तर टॉक्सिक एपिडर्मल नेक्रोलायसिस, डॉक्टरांच्या बोलण्यात ‘टेन’. मधल्यांना दोन्हींच्या सीमेवर धरतात. नावं दोन असली तरी आजार एकच आहे, कमी आणि जास्त एवढाच फरक. पण तो फरक जिवाशी खेळणारा आहे. पहिल्या प्रकारात शंभरातले दहाच्या आसपास दगावतात, दुसऱ्यात तीस आणि त्याहूनही अधिक. दर वर्षी दहा लाख लोकांमागे एक ते सहा जणांना तो होतो. आकडा लहान दिसतो, पण १४० कोटींच्या देशात तो लहान राहत नाही.

स्टीव्हन्स आणि जॉन्सन हे न्यूयॉर्कमधले दोन डॉक्टर. १९२२ साली त्यांनी सात आणि आठ वर्षांच्या दोन मुलांची हकीकत छापली. ताप, तोंडभर व्रण, पू वाहणारे डोळे आणि अंगभर विचित्र पुरळ. त्यांना वाटलं, हा नवा संसर्गजन्य ताप असावा. त्यांचं अगदीच चुकलं असंही म्हणता येत नाही, कारण लहान मुलांत मायकोप्लाझ्मा या जंतूच्या संसर्गामुळे याच्याशी मिळतंजुळतं चित्र दिसतं. मोठ्या माणसांत मात्र बहुतेक वेळा कारण औषधच असतं. टेनला नाव दिलं ते अ‍ॅलन लायल या स्कॉटिश त्वचातज्ज्ञाने, १९५६ मध्ये. अंगावर कढत पाणी सांडल्यासारखी त्वचा झालेले चार पेशंट त्याने पाहिले होते. मधल्या काळात सल्फाची औषधं आली होती, फिटची औषधं आली होती. औषधं वाढली तसा हा आजारही डॉक्टरांच्या ओळखीचा झाला.

याला ‘औषधाची अ‍ॅलर्जी’ म्हणून मोकळं होता येतं, पण त्याने घोटाळा होतो. पेनिसिलिनचं इंजेक्शन दिल्यावर काही मिनिटांत गांधी उठतात, श्वास कोंडतो, रक्तदाब कोसळतो. ती अ‍ॅलर्जी वेगळी. तिच्यासाठी आधी टेस्ट डोस देऊन बघण्याची पद्धत आपल्याकडे रुळलेली आहे. इथे टेस्ट डोसचा काही उपयोग नाही. पहिल्या गोळीला शरीर काहीच बोलत नाही. गोळी सुरू केल्यापासून चार दिवस ते चार आठवडे या मुदतीत ते बोलतं. गोळीत भेसळ नसते. डोस जास्त झालेला नसतो. डॉक्टरने लिहून दिलेलं औषधही बऱ्याचदा आजाराला योग्यच असतं. मग बिघडतं कुठे?

आपल्या जवळजवळ प्रत्येक पेशीच्या पृष्ठभागावर एचएलए नावाची प्रथिनं असतात. पेशीच्या आत काय चाललं आहे त्याचे बारीक तुकडे ती बाहेर मांडतात आणि टी-पेशी ते तपासत फिरतात. तुकडा आपला वाटला तर पुढे जातात, विषाणूचा वाटला तर ती पेशी मारून टाकतात. एचएलए प्रथिनांचे हजारो प्रकार आहेत आणि कोणाला कोणते मिळतील हे आई-वडिलांवर अवलंबून. काही विशिष्ट प्रकारांवर काही विशिष्ट औषधांचे रेणू चपखल बसतात. ते बसले की टी-पेशीला आपलीच पेशी परकी दिसू लागते. मग त्वचेतल्या, तोंडातल्या, डोळ्यांतल्या निरोगी पेशींवर हल्ला सुरू होतो. २००८ मध्ये तैवानच्या संशोधकांनी अशा पेशंटांच्या फोडांतलं पाणी तपासलं तेव्हा त्यात ग्रॅन्युलायसिन हे मारक प्रथिन भरपूर सापडलं. ते उंदरांच्या कातडीत टोचलं तर तिथेही फोड आले. थोडक्यात, कातडी औषध जाळत नाही. आपलीच फौज जाळते.

याच तैवानमधून २००४ साली एक निष्कर्ष आला होता, जो मला या सगळ्या विषयातला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. कार्बामाझेपिनमुळे स्टीव्हन्स-जॉन्सन झालेले ४४ पेशंट तपासले. ४४ च्या ४४ जणांत एचएलए-बी १५:०२ हा एकच प्रकार निघाला. तीच गोळी खाऊन ठणठणीत असलेल्या लोकांत तो फक्त ३ टक्क्यांत होता. वैद्यकात असा शंभर टक्के जुळणारा पुरावा सहसा मिळत नाही. पुढच्याच वर्षी युरिक अ‍ॅसिड कमी करणाऱ्या अ‍ॅलोप्युरिनॉलचा असाच संबंध एचएलए-बी ५८:०१ शी सापडला, ५१ पैकी ५१ पेशंटांत. पण याची दुसरी बाजूही लक्षात ठेवायला हवी. असा प्रकार अंगात असलेल्या बहुतेकांना गोळी घेऊनही काही होत नाही. तो नसेल तर धोका अगदी कमी, आणि असेल तर विषाची परीक्षा कशाला पाहायची, असा हा हिशेब आहे.

हिशेब खरा ठरतो का हेही तैवानने करून पाहिलं. २३ रुग्णालयांतल्या ४८७७ लोकांची कार्बामाझेपिन सुरू करण्याआधी तपासणी झाली. ७.७ टक्के लोकांत एचएलए-बी १५:०२ निघाला. त्यांना दुसरी औषधं दिली, बाकीच्यांना कार्बामाझेपिन. पूर्वीच्या प्रमाणानुसार त्यांत दहाएक जणांना हा आजार व्हायला हवा होता. एकालाही झाला नाही. हे २०११ मध्ये प्रसिद्ध झालं, आणि २०१३ पासून सिंगापूरने ही तपासणी नेहमीच्या उपचाराचा भाग करून टाकली.

हाँगकाँगचा अनुभव मात्र डोळ्यांत अंजन घालणारा आहे. तिथे २००८ पासून कार्बामाझेपिनआधी ही तपासणी सुरू झाली. कार्बामाझेपिनचे बळी थांबले. पण फिटच्या औषधांमुळे होणाऱ्या या आजाराचं एकूण प्रमाण काही उतरेना. तपासणीची कटकट नको, अहवालाची वाट पाहायला नको म्हणून डॉक्टर सरळ फेनिटॉइन लिहू लागले होते, आणि तेही याच कुळातलं औषध. चांगला नियम केला की माणसं त्याच्या शेजारून वाट काढतात, हे फक्त आपल्याकडेच घडतं असं नाही.

भारताचं काय? कार्बामाझेपिनच्या अमेरिकी माहितीपत्रकात २००७ च्या अखेरीस इशारा आला. त्यात भारतीय धरून दक्षिण आशियाई लोकांत एचएलए-बी १५:०२ सरासरी २ ते ४ टक्के असल्याचं म्हटलं आहे. काही समाजांत त्याहून जास्त. २००९ मध्ये भारतीय पेशंटांचा एक लहान अभ्यास प्रसिद्ध झाला, त्यात आठापैकी सहा जणांत एचएलए-बी १५:०२ सापडला. आठ म्हणजे फार थोडे, पण दिशा दाखवायला पुरेसे. तपासणी इथल्या मोठ्या प्रयोगशाळांत होते, आयुष्यात एकदाच करावी लागते, आणि तरीही कार्बामाझेपिन सुरू करताना ती क्वचितच सांगितली जाते. फिट थांबतच नसेल तर अहवालाची वाट पाहता येत नाही, हे मान्य. जबड्याच्या कळेसाठी मात्र बहुतेक वेळा चार दिवस काढता येतात. आणि अ‍ॅलोप्युरिनॉलच्या बाबतीत तर आधीचा प्रश्न विचारायला हवा: गोळी हवीच आहे का? पॅकेजमधल्या रक्ततपासणीत युरिक अ‍ॅसिड जरासं वर दिसलं, सांधा एकदाही सुजलेला नाही, तरी गोळी सुरू, असं सर्रास होतं. जे औषध घ्यायचं कारणच नव्हतं त्याने कातडी गेली तर त्याला नशीब म्हणता येणार नाही.

संशयितांची यादी तशी फार लांब नाही. कार्बामाझेपिन, फेनिटॉइन, फिनोबार्बिटोन आणि लॅमोट्रिजीन ही फिटची औषधं. यांतलं लॅमोट्रिजीन झपाट्याने वाढवलं तर धोका वाढतो. अ‍ॅलोप्युरिनॉल. सल्फाच्या गोळ्या, म्हणजे मुख्यतः को-ट्रायमॉक्झाझोल. एचआयव्हीवरचं नेव्हिरापिन. पिरॉक्सिकॅमसारखी काही दुखण्यावरची औषधं. एचआयव्हीची लागण असलेल्यांना हा आजार होण्याची शक्यता इतरांपेक्षा सुमारे शंभरपट असते. याचा एक भाऊबंद आहे, ड्रेस नावाचा. त्यात कातडी सोलत नाही, पण दोन ते आठ आठवड्यांनी ताप, पुरळ, सुजलेला चेहरा आणि लिव्हरवर घाला असं चित्र दिसतं. पाळीच्या दुखण्यावर घराघरांत घेतलं जाणारं मेफेनॅमिक अ‍ॅसिड ड्रेसला कारणीभूत ठरू शकतं, असा सावधगिरीचा इशारा भारतीय औषधसंहिता आयोगाने २०२३ च्या अखेरीस दिला होता.

एकदा कातडी सुटायला लागली की पेशंट भाजलेल्यांच्या वॉर्डात किंवा अतिदक्षता विभागात हवा. उघड्या अंगातून पाणी, क्षार आणि ऊब निघून जाते, आणि जंतू आत शिरतात. मृत्यू होतो तो बहुधा रक्तात जंतू पसरून. खोली उबदार ठेवतात. चिकटपट्टी लावायची नाही, कारण ती काढताना कातडीसकट येते. सलाईन द्यायचं, पण भाजलेल्या पेशंटइतकं नाही. नळीतून अन्न, डोळ्यांत दर काही तासांनी थेंब, तोंडाची स्वच्छता. सगळ्यांत कठीण काम नर्सचं असतं. जिथे हात लावावा तिथली कातडी हातात येते, आणि तरी कूस तर बदलायलाच हवी. आपल्याकडच्या रुग्णालयांत यावर एक साधा उपाय निघाला: केळीची पानं. पान मेणचट, थंड, जखमेला न चिकटणारं आणि फुकटाच्या भावात मिळणारं. मुंबईच्या सायन रुग्णालयात डॉ. माधुरी गोरे आणि सहकाऱ्यांनी भाजलेल्या जखमांवर केळीच्या पानांच्या ड्रेसिंगचा पद्धतशीर अभ्यास करून तो २००३ मध्ये ‘बर्न्स’ या आंतरराष्ट्रीय नियतकालिकात छापला. टेनचे पेशंटही अशा पानांच्या अंथरुणावर ठेवले जातात.

औषधांनी हा हल्ला आवरता येतो का, यावर डॉक्टरांत एकमत नाही. भारतीय त्वचारोगतज्ज्ञांचा कल सायक्लोस्पोरीनकडे आहे. स्टिरॉइडवर वाद जुना. २०२४ मध्ये ‘नेचर’मध्ये म्युनिकच्या माक्स प्लांक संस्थेतल्या संशोधकांनी रोगट कातडीतली प्रथिनं पेशीगणिक मोजून जॅक-स्टॅट या संदेशमार्गावर बोट ठेवलं, आणि तो रोखणारी औषधं चीनमधल्या सात पेशंटांना दिली. सातही बरे झाले. आशा वाटावी असं हे आहे, पण सातच पेशंट आहेत. तोवर सगळ्यांत खात्रीचा उपचार तोच, जुना: गोळी थांबवणं. शरीरातून लवकर बाहेर पडणाऱ्या औषधांच्या बाबतीत ते जितक्या लवकर थांबेल तितकी जगण्याची शक्यता वाढते. २००० साली झालेल्या एका अभ्यासात एकेका दिवसाने मृत्यूचा धोका सुमारे ३० टक्क्यांनी घटल्याचं दिसलं.

या आजाराचं नाव भारतात न्यायालयामुळे गाजलं. अमेरिकेत राहणाऱ्या अनुराधा साहा १९९८ मध्ये सुट्टीवर कोलकात्याला आल्या असताना त्यांना पुरळ उठलं. तिथल्या उपचारांत प्रकृती ढासळली, विमानाने मुंबईला आणलं, पण २८ मे रोजी त्यांचा मृत्यू झाला. निदान टेनचं होतं. त्यांचे पती डॉ. कुणाल साहा पंधरा वर्षं लढले. दीर्घकाळ शरीरात राहणारं स्टिरॉइड ज्या प्रमाणात दिलं ते आणि पेशंटच्या निगेतल्या त्रुटी, या दोन्हींवर सर्वोच्च न्यायालयाने ठपका ठेवला आणि ऑक्टोबर २०१३ मध्ये सुमारे ६ कोटी रुपयांची भरपाई मंजूर केली. वैद्यकीय हलगर्जीपणासाठी भारतात तोवर एवढी रक्कम कोणालाच मिळाली नव्हती. या निकालाची चर्चा झाली ती बहुतेक रकमेची. खरं तर त्यात दवाखान्यांनी वाचण्यासारखं जे आहे ते निगेबद्दल आहे.

जे वाचतात त्यांची कातडी दोन-तीन आठवड्यांत पुन्हा येते, कारण खालचा थर शाबूत असतो. कलमं सहसा लावावी लागत नाहीत. डाग राहतात, नखं गळून पडतात. डोळे मात्र सहजासहजी सुटत नाहीत. पापणीची आतली बाजू खरखरीत होते, अश्रू आटतात, पापण्या बुबुळाला चिकटतात, आणि प्रत्येक उघडझाप बुबुळ घासून काढते. माणूस आजारातून उठतो आणि वर्षभरात दृष्टी गमावतो, असं होऊ शकतं. म्हणून पहिल्याच आठवड्यात डोळ्यांचे डॉक्टर बोलवावे लागतात. गर्भपिशवीतल्या पातळ पटलाचं आवरण डोळ्यावर घालून त्याला वाचवता येतं. पुढे हैदराबादच्या एल. व्ही. प्रसाद नेत्रसंस्थेत ओठाच्या आतली त्वचा पापणीच्या कडेला बसवतात किंवा बुबुळावर पाण्याचा थर धरून ठेवणारी मोठी लेन्स देतात. आणि सगळं संपलं असं वाटतं तिथे चेन्नईच्या शंकर नेत्रालयात एक शस्त्रक्रिया होते, जी ऐकून खोटी वाटावी: पेशंटचाच सुळा हाडासकट काढतात, त्याला भोक पाडून त्यात पारदर्शक नळी बसवतात, आणि तो दात डोळ्यात रोवतात. स्वतःचा दात असल्यामुळे शरीर तो नाकारत नाही. १९६० च्या दशकात इटलीतल्या स्ट्राम्पेली यांनी शोधलेली ही युक्ती आजही काही जणांना नजर परत देते.

आता पुन्हा त्या तिसऱ्या आठवड्याकडे, कारण सगळं तिथेच अडतं. कातडी सुटण्याच्या आधी दोन-तीन दिवस ताप येतो. त्या तापासाठी घेतलेल्या गोळ्या निर्दोष असतात, पण फोड त्यांच्यानंतर आले म्हणून बदनाम त्या होतात. पॅरासिटामॉल कितीतरी वेळा असं फुकट बळी गेलं आहे. खरा गुन्हेगार महिनाभर मागे असतो, आणि तो कोणता हे शोधायला डॉक्टरला गेल्या चार-आठ आठवड्यांतलं प्रत्येक औषध नावानिशी, तारखेनिशी हवं असतं. नेमकं हेच आपल्याकडे मिळत नाही. दवाखान्यातून मिळते ती पांढऱ्या कागदाची पुडी. आत एक पिवळी, दोन पांढऱ्या आणि एक अर्धी तोडलेली गोळी. मेडिकलवाला पट्टी कापून देतो तेव्हा नाव दुसऱ्या तुकड्यावर राहतं. “दुखण्याची दिली होती, छोटी, पांढरी,” एवढ्यावर कोणताही तज्ज्ञ पुढे जाऊ शकत नाही. नाव न कळलेली गोळी दोन वर्षांनी दुसऱ्या दवाखान्यातून पुन्हा पोटात जाते, आणि दुसरा झटका पहिल्यापेक्षा लवकर आणि जोराने येतो. कार्बामाझेपिनने त्रास झाला असेल तर फेनिटॉइन आणि फिनोबार्बिटोनही टाळावं लागतं. तेही नाव कळलं तरच शक्य.

तेव्हा नवी गोळी सुरू होऊन दोन महिने झालेले नसताना ताप, तोंड येणं, डोळ्यांची आग आणि दुखणारे डाग यांतलं दोन-तीन एकत्र दिसलं तर त्याच दिवशी डॉक्टर गाठा आणि गोळ्यांच्या सगळ्या पट्ट्या सोबत न्या. पुढचा डोस विचारल्याशिवाय घेऊ नका; फिटची गोळी असेल तर ती बंद करताना दुसरी द्यावी लागते, म्हणून ते घरी ठरवू नका. आजार होऊन गेला असेल तर औषधाचं नाव कागदावर लिहून पाकिटात ठेवा, आणि सख्ख्या भावंडांना, मुलांनाही सांगून ठेवा, कारण एचएलए घराण्यात उतरतं. औषधांच्या दुष्परिणामांची नोंद घेणारी राष्ट्रीय हेल्पलाइन १८००-१८०-३०२४ या क्रमांकावर आहे. तिथे पेशंटलाही तक्रार नोंदवता येते, डॉक्टरच हवा असं नाही. आणि यापुढे दवाखान्यात पुडी हातात पडली की आतल्या प्रत्येक गोळीचं नाव तिच्यावर लिहून मागा.